गळ्याचे पारखी

श्रोते हो, काष्टीच्या बाजारात खोंड घ्यायला आलेल्या एखाद्या जाणत्या शेतकऱ्याकडे कधी नीट पाहिले आहे का? तो आधी दात पाहतो, खूर पाहतो, पाठीवरून हात फिरवतो, चार पावले चालवून बघतो. हे सगळे झाले तरी लगेच बोलत नाही, गप्प उभा राहतो. कारण तो समोरचा आदत खोंड पाहतच नसतो. आणखी तीन-चार वर्षांनी औताला जुंपलेला बैल त्याच्या डोळ्यांपुढे उभा असतो. पैसे मात्र त्याला आजच मोजायचे असतात. अडचण आहे ती इथेच.

गाण्याच्या धंद्यातही असा एक माणूस असतो. तो स्वतः गात असेल किंवा नसेलही. तबकडीवर नाव गायकाचे, टाळ्या गायकाला, आणि हा पडद्यामागे. पण अमुक मुलाचा गळा उद्या चालेल, अमुक बाईचे गाणे लोक घरी नेऊन पुन्हा पुन्हा ऐकतील, हे इतर कुणाला कळण्याआधी याला कळावे लागते. गायक-वादक हेरायचे, त्यांना कंपनीकडे आणायचे, त्यांच्याकडून काय गाऊन घ्यायचे ते ठरवायचे, अशी याची नोकरी. ही नोकरी कशी असते आणि आपल्या मराठी मुलखात ती कुणी कशी केली, ते आज पाहू. शिक्षक मंडळींनी थोडे जास्त कान देऊन ऐकावे, असे मला वाटते. त्याचे कारण पुढे येईलच.

इंग्रजीत या खात्याला ‘आर्टिस्ट्स अँड रिपर्टॉयर’ म्हणतात, थोडक्यात ‘ए अँड आर’. कलावंत कोण आणि त्याने गायचे काय, हे दोन्ही ठरवणारे खाते, एवढाच त्याचा अर्थ. पाश्चात्त्य देशांत या धंद्याला खरे तेज आले ते रॉक संगीतामुळे. रॉक म्हणजे विजेवर वाजणाऱ्या गिटारी, जोरकस तालवाद्ये आणि मोकळा, प्रसंगी ओरडून लावलेला गळा. १९५० नंतर अमेरिकेत आणि मग इंग्लंडात तरुण पोरांनी हे संगीत डोक्यावर घेतले. या पोरांना घराणे नाही, गुरू नाही, बिदागीचा दर नाही. कुणाच्या गॅरेजमध्ये, कुणाच्या तळघरात तालीम चालायची. तेव्हा त्यांच्यातला खरा कोण आणि नुसता गोंगाट करणारा कोण, हे ओळखायला कंपन्यांना पारखी माणसांची गरज पडू लागली.

आणि पारखीही चुकतो, बरं का. १९६२ सालच्या १ जानेवारीला लंडनमध्ये डेक्का नावाच्या बड्या कंपनीने लिव्हरपूलच्या चार पोरांची चाचणी घेतली आणि त्यांना नकार दिला. ही पोरे म्हणजे बीटल्स. त्याच वर्षी पार्लोफोन कंपनीच्या जॉर्ज मार्टिन यांनी त्यांना घेतले, आणि पुढचा इतिहास जगाला ठाऊक आहे. हे मार्टिनसाहेब त्याआधी विनोदी तबकड्या काढण्याबद्दल प्रसिद्ध होते, आणि ज्यांच्या तबकड्या त्यांनी काढल्या त्यांत स्पाइक मिलिगन हा एक होता. बी.बी.सी. रेडिओवर ‘गून शो’ने इंग्लंडला हसवणारा हा माणूस १६ एप्रिल १९१८ रोजी आपल्या नगरात जन्मला. बाप लष्करी नोकरीत होता. तेव्हा बीटल्सच्या पारख्याचा कान ज्यांच्यावर तयार झाला, त्यांत एक आपला नगरकरही होता, असे म्हणायला हरकत नाही!

पुढे रॉकचाही धोपटमार्ग झाला. मोठ्या कंपन्या, मोठे जलसे, ठरावीक चाली. मग १९८० च्या आसपास त्यातून एक आडवाट फुटली. लहान गावातली पोरे, लहान कंपन्या, कॉलेजांची छोटी रेडिओ केंद्रे यांच्या आधाराने ती चालू लागली. तिला ‘आल्टरनेटिव्ह’, म्हणजे पर्यायी रॉक म्हणू लागले. या आडवाटेवर ज्याचा कान फार आधी पोहोचला, असा एक पारखी म्हणजे न्यूयॉर्कचे सेमूर स्टाइन. शाळकरी वयातच हा मुलगा ‘बिलबोर्ड’ नावाच्या, गाण्यांच्या खपाचे आकडे छापणाऱ्या साप्ताहिकाच्या कचेरीत जाऊन बसे आणि जुने आकडे उतरवून घेई. १९६६ साली त्यांनी भागीदारीत ‘सायर’ ही कंपनी काढली. रामोन्स, टॉकिंग हेड्स अशी, ज्यांना बडे लोक जवळ करीत नव्हते ती मंडळी त्यांनी घेतली. १९८२ साली ते इस्पितळात पडून होते. तिथेच त्यांनी मॅडोना नावाच्या अगदी नवख्या मुलीचे गाणे ऐकले, तिला तिथेच बोलावून घेतले आणि करार ठरवला. माणूस २०२३ साली वारला. त्याची सगळी कमाई कानाची.

दुसरे उदाहरण अधिक बोलके आहे. सिएटल शहरात ‘सब पॉप’ नावाची एक चिमुकली कंपनी होती. तिने १९८९ साली निर्वाणा या त्रिकुटाची पहिली मोठी तबकडी काढली. ध्वनिमुद्रणाचा सगळा खर्च सहाशे सहा डॉलर आणि वर काही सेंट. पुढच्याच वर्षी गेफेन या मोठ्या कंपनीच्या गॅरी गर्श यांनी त्यांना उचलले. शिफारस कुणाची? दुसऱ्या एका वाद्यवृंदातल्या किम गॉर्डन या बाईंची. पारख्यालाही अशी कानाची माणसे जोडून ठेवावी लागतात. सप्टेंबर १९९१ मध्ये ‘नेव्हरमाइंड’ ही तबकडी निघाली. दुकानांत प्रथम धाडलेल्या प्रती पन्नास हजारांच्या आत होत्या, म्हणजे कंपनीची अपेक्षा बेताचीच होती. जानेवारी १९९२ मध्ये तिने मायकेल जॅक्सनला अमेरिकेच्या यादीतल्या पहिल्या जागेवरून खाली आणले.

आता आपल्याकडे येऊ.

आपल्याकडे हा धंदा तबकडीच्या आधीपासून आहे. फक्त त्याला नाव नव्हते. तमाशाचा फडमालक दुसरे काय करीत होता? संगमनेरजवळच्या हिवरगाव पावसा या गावची पवळा आणि पठ्ठे बापूराव यांची जोडी आठवा. बापूराव म्हणजे रेठरे हरणाक्षचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, लेखणीचे धनी. पण लावणी कागदावर कितीही सुंदर असली तरी ती उभी राहायला गळा आणि अदा लागते, आणि ती आपल्या नगर जिल्ह्यातल्या या बाईत आहे हे त्यांनी ओळखले. ‘नामचंद पवळा’ असे नाव तिने कमावले ते त्यानंतरच्या बाऱ्यांतून. आणि तुमची गावेही यात मागे नाहीत. जत्रेच्या हंगामाआधी नारायणगावला फडांच्या राहुट्या लागतात. गावोगावचे यात्रा कमिटीचे लोक तिथे येतात, कुठला फड आपल्या पोरांना आवडेल, कुठला आयाबायांपुढे चालेल, याचा अंदाज घेतात आणि सुपारी देतात. त्या राहुटीत बसलेला पाटील हाही घटकाभर पारखीच असतो.

ग्रामोफोन कंपनीचा पहिला पारखी आपल्या देशात उतरला तो १९०२ साली. त्यांचे नाव फ्रेड गैसबर्ग. कलकत्त्याला त्यांनी गोहरजान यांचे गाणे कर्ण्यापुढे उभे करून मेणाच्या तबकडीवर उतरवले. ती मेणाची चकती जर्मनीत हॅनोव्हरला जायची, तिथे तबकड्या छापल्या जायच्या आणि बोटीने परत यायच्या. तिथल्या कारागिरांना गायिका कोण हे कळावे म्हणून गाणे संपताच तिने स्वतःचे नाव मोठ्याने सांगायचे, अशी पद्धत होती. पुढे लोकांना वाटू लागले, की हा गाण्याचाच भाग आहे! १९०८ साली कलकत्त्याला कारखाना निघाला आणि तबकडी आपल्या बाजारात रुळली. १९२५ पासून विजेच्या ध्वनिमुद्रणाचे युग आले. मायक्रोफोन आल्यावर गायकाने कर्ण्यात तोंड घालून ओरडण्याची गरज उरली नाही आणि हळुवार गळ्यालाही तबकडीवर जागा मिळाली.

नेमक्या याच वेळी एक वकिलीचे शिक्षण घेतलेला, गाण्याची ओढ असलेला विदर्भातला तरुण मुंबईला आला. गोविंद नारायण जोशी. लोक त्यांना जी. एन. जोशी म्हणून ओळखतात. मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता त्यांनी गायली आणि १९३० नंतरच्या पहिल्या काही वर्षांतच तिची तबकडी निघून घरोघर पोहोचली. त्या काळी तबकडीवर मराठी गाणे म्हणजे बहुतेक नाटकाचे पद, नाहीतर अभंग, नाहीतर लावणी. नाटकाचा आधार नाही, राग आळवून दाखवायचा नाही, नुसती एक कविता आपल्याशीच बोलल्यासारखी गायची, हा प्रकार नवा होता. आपण त्याला आज भावगीत म्हणतो. त्या दिवसांत ही मराठी गाण्यातली आडवाटच होती म्हणा ना!

त्यांच्याबरोबर तबकड्यांवर द्वंद्वगीते गाणारी एक मुलगी होती, गांधारी हनगल. पुढे हीच किराणा घराण्याची थोर गायिका गंगूबाई हनगल म्हणून देशाला ठाऊक झाली. म्हणजे पाहा, गंगूबाईंच्या ख्याल गायकीची थोरवी लोकांना पुरती कळण्याआधी त्यांचा गळा घरोघर गेला तो हलक्याफुलक्या गाण्यांतून. एखाद्या कलावंताला कुठल्या दारातून आत न्यायचे, हा पारख्याच्या कामाचा एक भाग असतो. ते दार नेहमी दिंडी दरवाजाच असते असे नाही.

१९३० च्या दशकाच्या अखेरीला जोशी एचएमव्हीत नोकरीला लागले, आणि तिथे त्यांनी तीन दशके काढली. कालपर्यंत जो मायक्रोफोनपुढे उभा होता, तो आता काचेच्या पलीकडे बसला. हे स्थित्यंतर सोपे नाही. स्वतः गाणाऱ्याला दुसऱ्याचे गाणे ऐकताना आपला गळा मध्ये येऊ न देणे कठीण जाते. मला त्यांचे मोठेपण यातच दिसते, की स्वतः भावगीतगायक असून त्यांनी बडे गुलाम अली खाँ, अमीर खाँ अशा, आपल्या वाटेपासून कोस कोस दूर असलेल्या उस्तादांची ध्वनिमुद्रणे मनापासून केली.

हे काम किती नाजूक होते, ते समजण्यासाठी जुन्या तबकडीचा हिशेब पाहावा लागेल. मिनिटाला ७८ फेरे फिरणारी, दहा इंची तबकडी. एका बाजूला तीन मिनिटे, फार तर थोडी वर. ज्या गवयाला नुसता षड्ज लावून बैठक जमवायला तेवढा वेळ लागतो, त्याला सांगायचे, की बुवा, अस्थायी, अंतरा, ताना आणि शेवट, सगळे तीन मिनिटांत बसवा. कुणी रागावून उठून जात. कुणाला भीती, की आपली घराण्याची चीज या काळ्या चकतीवरून कुणीही चोरील. कुणी म्हणे, माझे गाणे पानपट्टीच्या दुकानात वाजणार काय? अशा माणसांची समजूत घालायची, त्यांचा मान राखायचा, आणि तरी घड्याळाकडे लक्ष ठेवायचे. वकिलीचे शिक्षण जोशींना कुठे उपयोगी पडले असेल, तर मला वाटते इथेच.

आणि ही समजूत घातली गेली नाही, तर काय होते? भास्करबुवा बखले १९२२ साली वारले. बालगंधर्वांचे गुरू, तीन घराण्यांची गायकी पचवलेला माणूस. त्यांची एकही तबकडी नाही. अल्लादिया खाँ १९४६ पर्यंत हयात होते. त्यांच्या डोळ्यांदेखत तबकड्यांचा धंदा भरभराटीला आला. त्यांचाही आवाज आज कुठे नाही. त्यांच्या गाण्याविषयी पाने भरभरून लिहिलेले वाचावे आणि पुस्तक मिटावे, एवढेच आपल्या हाती. बालगंधर्वांनी आणि अब्दुल करीम खाँसाहेबांनी तबकडीला जवळ केले, म्हणून त्यांचे स्वर आजही एखाद्या शाळेच्या वर्गात मुलांना ऐकवता येतात.

अल्लादिया खाँसाहेबांच्या शिष्या, गोव्याच्या केरी गावच्या केसरबाई केरकर. त्याही तबकडीला फारशा राजी नसत. मोजकीच ध्वनिमुद्रणे त्यांनी दिली. पण त्या मोजक्यांतली एक भैरवी १९७७ साली अमेरिकेने अवकाशात सोडलेल्या व्हॉयेजर यानांवरच्या सोनेरी तबकडीत गेली. पृथ्वीवरचे संगीत कसे असते ते इतर कुणी बुद्धिमान प्राणी असलेच तर त्यांना कळावे, म्हणून ती तबकडी होती. आणि गंमत अशी, की त्याच तबकडीवर चक बेरी या रॉकच्या आद्य पुरुषाचेही गाणे आहे. त्या दोघांचा स्वर सध्या सूर्यमालेच्या वेशीबाहेर एकत्र प्रवास करतो आहे. गुरूंचा मात्र एक सूरही उरला नाही.

१९५० च्या दशकाच्या अखेरीला लाँग प्ले तबकडी आपल्याकडे आली. एका बाजूला वीस मिनिटांहून जास्त वेळ मिळू लागला आणि ख्यालाला जरा हातपाय पसरता आले. जोशींनी या संधीचा जो उपयोग केला, त्यात १९६७ साली ध्वनिमुद्रित झालेली ‘कॉल ऑफ द व्हॅली’, म्हणजे ‘दरीची साद’, ही तबकडी मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते. कल्पना अशी, की काश्मीरच्या खोऱ्यातल्या एका मेंढपाळाचा पहाटेपासून रात्रीपर्यंतचा दिवस निरनिराळ्या रागांतून सांगायचा. गायक नाहीच, नुसती वाद्ये. आणि वाद्ये तरी कोणती? शिवकुमार शर्मांचे संतूर. हे काश्मिरातले वाद्य, त्यात मींड निघत नाही म्हणून ते रागदारीला नालायक, असे मोठमोठे लोक म्हणत. ब्रिजभूषण काबरांची गिटार. ती तर परदेशी. हरिप्रसाद चौरसियांची बासरी. पन्नालाल घोष यांनी तिला मैफलीत आणले खरे, पण गुराख्याचे वाद्य हा शिक्का पुसला गेला नव्हता. तबल्यावर माणिकराव पोपटकर. म्हणजे मानाच्या पंगतीत ज्यांना पाट मिळत नव्हता, अशी तीन वाद्ये आणि तिशीच्या आसपासचे तीन वादक निवडून कंपनीचा पैसा त्यांच्यावर लावायचा. आदत खोंडावर पैसे लावणे म्हणतात ते हेच. ही तबकडी देशात खपली, परदेशात तर तिने अनेकांना आपल्या संगीताची पहिली ओळख करून दिली, आणि तिघांची नावे कायमची झाली.

पुढच्याच वर्षी, जानेवारी १९६८ मध्ये, बीटल्सपैकी जॉर्ज हॅरिसन मुंबईला आला आणि एचएमव्हीच्या मुंबईच्या स्टुडिओत ‘वंडरवॉल’ या चित्रपटाचे संगीत आपल्या वादकांकडून त्याने वाजवून घेतले. त्यात शिवकुमार होते. तिथेच मुद्रित झालेल्या ‘द इनर लाइट’ या बीटल्सच्या गाण्यात हरिप्रसादांची बासरी आहे. तोवर तिथे स्टीरिओ यंत्र नव्हते. कंपनीच्या भास्कर मेनन यांनी ते कलकत्त्याहून आगगाडीने स्वतः बरोबर आणले. हेच मेनन पुढे एचएमव्हीची मूळ मालक ईएमआय हिच्या साऱ्या जगभरच्या संगीत-व्यवसायाचे प्रमुख झाले. जोशींनी मात्र निवृत्तीनंतर आपले अनुभव मराठीत ‘स्वरगंगेच्या तीरी’ आणि इंग्रजीत ‘डाउन मेलडी लेन’ या पुस्तकांत लिहिले. शाळेच्या ग्रंथालयात पहिले पुस्तक मिळाले तर मुलांना त्यातले एकेक प्रकरण वाचून दाखवावे. पडद्यामागच्या माणसाने पडद्यापुढच्या माणसांविषयी इतक्या आपुलकीने लिहिलेले आपल्याकडे फार नाही.

इथवर पारख्याचे गुण गायले. आता दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर हे बोलणे एखाद्या कंपनीच्या जाहिरातीसारखे व्हायचे.

पारखी कितीही रसिक असला तरी त्याचा पगार कंपनी देते. पाथर्डी, शेवगाव, जामखेडकडच्या श्रोत्यांना ही गोष्ट दोन वाक्यांत कळेल. ऊसतोडीचा मुकादम आपल्याच गावचा, आपल्याच भाषेत बोलणारा, अडीनडीला धावून येणारा. पण त्याने हंगामाआधी दिलेली उचल फेडायची असते, आणि हिशेब कारखान्याचा असतो. रॉकच्या दुनियेतही हुबेहूब हेच आहे. कंपनी पोरांना आधी मोठी रक्कम देते. पोरांना वाटते, आपण श्रीमंत झालो. प्रत्यक्षात ती उचल असते. तबकडी खपल्यावर त्यांच्या वाट्याला जी रॉयल्टी, म्हणजे प्रत्येक प्रतीमागचा हिस्सा येणार, त्यातून आधी ही उचल वळती होते. बहुतेक ठिकाणी स्टुडिओचे भाडेही त्यातूनच, आणि आणखी कितीतरी खर्च. तबकडी लाखांनी खपली, कंपनीने नफा काढला, आणि वाजवणारे मात्र अजून देणेकरीच, असे होऊ शकते. स्टीव्ह अल्बिनी नावाच्या एका ध्वनिमुद्रकाने १९९३ साली अमेरिकेतल्या ‘द बॅफलर’ या नियतकालिकात लेख लिहून या हिशेबाची एकेक ओळ मांडली. कंपन्या पारखी म्हणून मुद्दाम तरुण, त्याच पोरांत वावरलेली माणसे नेमतात, हेही त्याने दाखवले. आपल्यातलाच आहे म्हणून पोरे त्याच्यावर विश्वास टाकतात. पण त्याचा शब्द कंपनीवर बंधनकारक नसतो. आणि तो नोकरी सोडून गेला, की कागद तेवढा उरतो. मुकादम बदलला तरी उचल राहते, तसे.

आपल्याकडे जुन्या काळी अनेक गायक-वादकांनी एकदाच ठोक रक्कम घेतली आणि पुढे तबकडी कितीही खपली तरी त्यांना काही मिळाले नाही. तमाशातले, जागरण-गोंधळातले, भजनी मंडळातले लोक तर कागदावर काय लिहिले आहे ते वाचण्याच्या भानगडीतही पडत नसत. कॅसेटच्या दिवसांतही हे चाललेच.

म्हणून कायद्यातल्या दोन-चार गोष्टी सांगून ठेवतो. आपल्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली. गाणे लिहिणारा आणि चाल लावणारा यांचा रॉयल्टीतला समान हिस्सा आता करार करूनही काढून घेता येत नाही. गाणाऱ्या-वाजवणाऱ्यालाही आपल्या ध्वनिमुद्रणाच्या व्यापारी वापराबद्दल रॉयल्टी मागता येते. हक्क दुसऱ्याला द्यायचे तर ते लेखीच द्यावे लागतात. तोंडी दिलेल्या शब्दाला किंमत नाही. किती वर्षांसाठी दिले ते कागदात लिहिले नसेल, तर कायदा पाच वर्षे धरतो. कुठल्या मुलखासाठी ते लिहिले नसेल, तर भारतापुरतेच धरतो. हे माहीत असलेला एखादा मास्तर गावात असला, तर सहीसाठी पुढे केलेला कागद त्याला आधी दाखवता येतो. सुरुवातीला शिक्षकांना मी कान द्यायला सांगितले, ते यासाठी, आणि आणखी एका गोष्टीसाठी.

ती गोष्ट अशी. कंपनीचा पारखी जिल्ह्याच्या गावापर्यंत येतो, फार तर तालुक्याला. अकोल्याच्या डोंगरातल्या वाडीत किंवा कर्जतच्या माळावरच्या शाळेत तो कधी येत नाही. हल्ली मोबाईलवर कुणीही आपले गाणे टाकू शकतो, हे खरे. पण तिथे गर्दी इतकी, की ऐकणारा कान मिळेलच असे नाही. आकाशवाणीची चाचणी हा त्यातल्या त्यात सरळ रस्ता आहे. १९५२ साली बा. वि. केसकर केंद्रात नभोवाणी मंत्री झाले, आणि त्यांच्या काळात ही चाचणी कडक झाली. परीक्षकांनी गायकाला पाहायचे नाही, नुसते ऐकायचे, म्हणजे नाव, जात, रूप, ओळख यातले काही मध्ये येणार नाही, असा तिचा डौल होता. नावाजलेल्या कलावंतांना तो अपमान वाटला आणि बराच गदारोळ झाला. परीक्षकांच्या आवडीनिवडी पडद्याआडूनही काम करतात, हा आक्षेप अगदीच खोटा नव्हता. तरीसुद्धा एखाद्या खेड्यातल्या अनोळखी पोरीच्या दृष्टीने पाहिले, तर न पाहता ऐकणारा परीक्षक हा तिचा मित्रच म्हणायला हवा. शास्त्रीय संगीताप्रमाणे सुगम संगीत आणि लोकसंगीत यांसाठीही अशा चाचण्या होतात. उत्तीर्ण झालेल्यांना ‘बी’, ‘बी हाय’, ‘ए’ अशा श्रेणी मिळतात. अर्ज केंद्रावर मिळतो.

मुलगा चाचणीला पाठवताना गुरुजींनी एक पाहावे. तेरा ते पंधरा वर्षांच्या सुमारास मुलांचा आवाज फुटतो. कालपर्यंत प्रार्थनेला टिपेचा सूर लावणारा पोरगा अचानक चिरकतो, वर्ग हसतो, आणि तो गाणे सोडून देतो. कितीतरी गळे असे सातवी-आठवीत गप्प झाले असतील. त्या वर्ष-दीड वर्षात त्याला वरच्या पट्टीत ओढू नये, स्पर्धेत उभे करू नये. खालच्या सुरात, थोडे थोडे, रोज गाऊ द्यावे; टाळ, ढोलकी काही हाती द्यावे, म्हणजे लय तरी चालू राहते. आवाज बसला, की मग पुन्हा ऐकावे.